ध्यासाला सोबत हवी



यंदाच्या अंकाचं सूत्र आहे जपानी सिनेमातला एकाकी माणूस. ऐन दिवाळीत हा विषय कशाला, असं कुणी म्हणेल. पण घरोघरी माणसं जमतात, तेव्हाच एकट्या माणसाला आपलं एकटेपण जास्त बोचतं.

अकिरा कुरोसावांच्या 'इकिरू'मधला (१९५२) वातानाबे हा पालिकेतला अधिकारी. कर्करोग झाल्याचं पोटच्या मुलालाही सांगता येत नाही, म्हणून तो हाताखालच्या एका हसऱ्या तरुणीच्या मागे मागे फिरतो. इतका, की तिला त्याची भीती वाटू लागते. आता खेळण्यांच्या कारखान्यात काम करणारी ती टेबलावर चावीचा ससा ठेवते. असं काहीतरी तुम्हीही करा, म्हणते. म्हातारा तडक उठतो आणि साचलेल्या घाणीच्या जागी मुलांसाठी बाग उभी करतो.

सातोशी कोन यांच्या 'परफेक्ट ब्लू'मधल्या (१९९७) चाहत्याला असं कुणी भेटत नाही. लाडकी गायिका अभिनेत्री झाली हे त्याला सोसत नाही. तिच्या फोटोंनी भरलेल्या खोलीत कुढत तो शेवटी तिच्याच जिवावर उठतो.

झपाटलेपण दोघांचंही. वाट मात्र एकालाच सापडली.

पडद्याबाहेर, आपल्याकडे, त्र्यंबकेश्वरी जन्मलेले दादासाहेब फाळकेही असेच झपाटलेले होते. कुंडीतला वाटाणा अंकुरतो कसा, हे ते रोज कॅमेऱ्यात टिपत बसले. त्या काळात दृष्टी जाण्याची वेळ आली. पण पत्नी सरस्वतीबाईंनी दागिने काढून दिले, फिल्मला भोकं पाडली, साऱ्या कंपनीला रांधून वाढलं. 'राजा हरिश्चंद्र' (१९१३) दोघांचा आहे. आणि १९४४ साली नाशकात दादासाहेब गेले, तेव्हा सिनेसृष्टीला त्यांची फारशी आठवण उरली नव्हती, हेही आपण विसरू नये.

सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांच्या 'देवराई'तही (२००४) देवराईत जीव गुंतलेल्या, स्किझोफ्रेनिया झालेल्या शेषच्या पाठीशी बहीण उभी राहते. औषधांइतकाच तिचा आधार मोलाचा.

नाद लागलेल्या माणसाला आपण वेड्यात काढतो आणि दूर सारतो. त्याचं बिनसतं ते तिथे, असं आमचं ठाम मत आहे. या अंकातले लेख त्याच अंगाने वाचावेत, ही विनंती.

यंदा फराळाला एकट्या राहणाऱ्या शेजाऱ्याला बोलवा. त्याचा जीव कशात रमतो ते विचारा आणि घड्याळ न बघता ऐकून घ्या.

दीपावलीच्या हार्दिक शुभेच्छा!

– संपादक, नाशिक