आधी चालून दाखवा, मग पाय देतो

गुडघ्याखाली पाय गेलेल्या माणसाला अमेरिकेत नवा पाय द्यायचा असला की बिलाची पहिली ओळ बहुतेक वेळा एल ५३०१ असते. थोटा पाय ज्यात बसतो ते साच्यावर घडवलेलं सॉकेट, नडगी आणि ‘साच’ जातीचं पाऊल, एवढं त्या एका कोडात धरलेलं आहे. साच म्हणजे आतून टणक, टाचेत मऊ गादी, घोट्याला सांधा नाही. १९५० च्या दशकात बर्कलीच्या विद्यापीठात ही रचना झाली आणि त्या काळासाठी ती उत्तम होती. आज बऱ्यापैकी चालणाऱ्या माणसाला आम्ही कार्बन फायबरचं पाऊल बसवतो, त्याची वेगळी ओळ लिहितो, एल ५९८१. पण पहिल्या ओळीतला साच जागचा हलत नाही. न बसवलेलं पाऊल बिलात ठाण मांडून बसलंय आणि त्याला उठवायची हिंमत कुणात नाही.

न्यू जर्सीतल्या एका कृत्रिम अवयवांच्या क्लिनिकमध्ये मी बिलिंग बघते. मेडिकेअरची, म्हणजे म्हाताऱ्या आणि अपंग माणसांच्या सरकारी आरोग्य विम्याची, ही कोडांची वही माझ्या टेबलावर सतत उघडी असते, आणि तिच्याबद्दल मला यत्किंचितही आदर उरलेला नाही.

पुढच्या ओळी वाचा. सॉकेट थोट्या पायाला सगळीकडून टेकतं? एल ५६३७. सगळीकडून न टेकणाऱ्या सॉकेटमध्ये सगळा भार दोन-चार ठिकाणी येतो, कातडी फाटते, आणि मधुमेही माणसाची फाटलेली कातडी म्हणजे पुन्हा ऑपरेशन टेबल. म्हणजे ज्याच्याशिवाय सॉकेटला सॉकेट म्हणू नये, ते या वहीत वरची भर म्हणून लावलंय! पाय रेषेत आणण्यासाठी फिरवता येईल अशी जोडणी हवी? एल ५९१०. रेषेत न आणता येणारा पाय कुणाला घालायचाय? हलकं मटेरियल एल ५९४०. चाचणीचं सॉकेट एल ५६२०. थोट्या पायावर चढवायच्या लायनरची पिन अडकवणारं कुलूप एल ५६७१. प्रत्येक ओळीवर उजवा की डावा याची खूण हवी. एका ओळीवर राहिली तर ती ओळ परत, जणू या माणसाचा गुडघ्याखालचा पाय उजवा आणि कुलूप डावं असू शकतं.

गुडघ्याच्या वर पाय गेलेल्यांचं तर विचारूच नका. मायक्रोप्रोसेसरचा गुडघा एका खोक्यातून येतो. कारखान्यात जोडलेला, सीलबंद, आतला एक स्क्रूही आम्ही हलवत नाही. बिलात त्याच्या चार ओळी होतात: द्रवावर चालणाऱ्या गुडघ्याचा एल ५८२८, उभं राहताना किंचित वाकण्याच्या सोयीचा एल ५८४५, झटका शोषण्याचा एल ५८४८ आणि मेंदूचा, म्हणजे संगणकाचा, एल ५८५६. हे देहाचं विच्छेदन कुणी केलं? वैद्यकानं नाही. हिशेबनिसानं केलं, आणि त्यालाच शास्त्र म्हणून डोक्यावर घेऊन सगळे नाचतायत.

आणि या वहीत काय नाही ते ऐका. प्रोस्थेटिस्टचा, म्हणजे पाय घडवून बसवणाऱ्याचा, वेळ नाही. साचा घेणं, मोजमाप, फिटिंग आणि पाय हातात दिल्यापासून ९० दिवसांतली प्रत्येक दुरुस्ती, सगळं वस्तूच्या किमतीत धरलेलं. आमचा प्रोस्थेटिस्ट सॉकेटच्या काठापाशी पाऊण पाऊण तास बसतो. लिपस्टिकचा ठिपका थोट्या पायाच्या हाडावर लावतो, सॉकेट चढवायला सांगतो, काढतो, आत कुठं डाग उमटला ते बघतो, तेवढी जागा गरम करून बाहेर ढकलतो, पुन्हा ठिपका. माणूस त्या पायावर चालेल की तो पाय कपाटात धूळ खाईल, हे या पाऊण तासात ठरतं. त्याला कोड नाही. कुलपाला आहे.

आता या व्यवहाराची अक्कल बघा. वस्तूंची यादी करायची, प्रत्येक वस्तूला दर लावायचा, कौशल्याला शून्य द्यायचं, आणि मग वस्तू वाढल्या म्हणून गहजब करायचा! आरोग्य खात्याच्या महानिरीक्षकांनी ऑगस्ट २०११ मध्ये अहवाल काढला. २००५ ते २००९ या काळात पायांवरचा मेडिकेअरचा खर्च ५१.७ कोटी डॉलरवरून ६५.५ कोटींवर गेला, म्हणजे २७ टक्के वाढला, आणि पाय घेणारे मात्र सुमारे ७६ हजारांवरून ७४ हजारांवर आले. चोर होते का? होते. डॉक्टरनं पाहिलेलंही नाही अशा रुग्णांच्या नावावर पाय खपवणारे महाभाग या धंद्यात होते आणि त्यांना तुरुंगात घातलं असतं तर मी टाळ्या वाजवल्या असत्या. पण चोर पकडायला कष्ट पडतात. त्यापेक्षा सगळ्यांकडून आणखी एक कागद मागणं सोपं.

तो कागद लगेच आला. त्याच महिन्यात डॉक्टरांना पत्र गेलं: पायाची गरज तुमच्या नोंदीतून सिद्ध झाली पाहिजे, प्रोस्थेटिस्टच्या नोंदी वैद्यकीय पुरावा म्हणून पुरेशा नाहीत. म्हणजे ज्यानं रुग्णाला महिनोन्‌महिने चालताना पाहिलं त्याची साक्ष अग्राह्य, आणि ज्या फॅमिली डॉक्टरनं दहा मिनिटांत रक्तदाब, साखर आणि इन्शुलिन उरकलं, त्यानं गुडघ्याच्या द्रवनियंत्रणावर भाष्य करायचं. मी त्या डॉक्टरांच्या ऑफिसांना फोन करायचे. बिचारे विचारायचे, नेमकं काय लिहू? मी सांगायचे, त्यांनी लिहायचं. यातून कोणतं सत्य शाबित झालं? २०१८ च्या अर्थसंकल्पी कायद्यात संसदेनं कलम घालून सांगितलं की प्रोस्थेटिस्टच्या नोंदी हा रुग्णाच्या वैद्यकीय नोंदींचाच भाग आहे. पाय कोण बनवतो हे कळायला देशाच्या संसदेचं कलम लागलं.

या सगळ्याहून जास्त मला चीड आहे ती के-पातळ्यांची. कोडाला चिकटवलेली ही दुसरी खूण, १९९० च्या दशकात आली. के-० म्हणजे पायाचा उपयोगच नाही. के-१ घरातल्या घरात, सपाट जमिनीवर, एकाच गतीनं. के-२ फूटपाथची कड, थोड्या पायऱ्या, खडबडीत जमीन. के-३ वेग कमी-जास्त करत बाहेर हिंडणारा. के-४ मुलं, खेळाडू, धावणारे. माणसांची ही उतरंड एकदा लावली की तिच्यावरून भाग वाटायचे, आणि मायक्रोप्रोसेसरचा गुडघा वर्षानुवर्षं फक्त के-३ आणि के-४ ना.

हा गुडघा करतो काय? पहिला नावाजलेला, ऑटो बॉक कंपनीचा सी-लेग, १९९७ मध्ये आला. सेकंदाला पन्नास वेळा तो कोन आणि भार तपासतो. चवडा सतरंजीच्या टोकाला अडला, तोल गेला, की तो आपसूक ताठर होतो आणि माणसाला धरतो. साधा यांत्रिक गुडघा अशा वेळी दुमडतो. म्हणजे या गुडघ्याची खरी गरज कुणाला? जो अडखळतो त्याला. आणि नियम म्हणतो, जो अडखळत नाही त्याला द्या. पोहता येत असेल तरच पाण्यात उतर, असं पोराला बजावण्यातला हा प्रकार आहे.

आमच्याकडे एक काका यायचे. मुलाकडे राहायला आलेले, मधुमेहानं मांडीपासून पाय गेलेला. या देशात पाय जाण्याचं सर्वांत मोठं कारण मधुमेह आणि रक्तवाहिन्यांचे विकार हेच आहे, आणि आपल्या मराठी घरांतून साखरेचा डबा आणि साखरेचा रोग दोन्ही इथवर पोचलेत. काकांची चाल बघायला थेरपिस्टनं त्यांना दोन दांड्यांमधून बाहेर काढलं. काका यांत्रिक गुडघ्यावर उभे. पाऊल टाकण्याआधी नजर जमिनीवर, कंबर उचलून पाय पुढे फेकायचा, टाच टेकली की मांडी मागे दाबून गुडघा कुलूपबंद झाला याची खात्री करायची, मग दुसरं पाऊल. असा माणूस वेग बदलणार कसा? थेरपिस्टनं सांगितलं, जरा भरभर. काका थांबलेच. कागदावर के-२ पडलं.

काकू माझ्या खिडकीशी आल्या. “अगं, पडायची भीती गेल्याशिवाय हे भरभर चालणार कसे? आणि ज्यानं भीती जाईल तो गुडघा भरभर चालल्याशिवाय देणार नाहीत म्हणे. हे कुठलं शहाणपण?”

वॉशिंग्टनातल्या धोरणपंडितांच्या शेकडो पानांत हा प्रश्न इतक्या स्वच्छपणे मांडलेला मला सापडलेला नाही. नियमात तशी सोय आहे, आजच्या चालीबरोबर उद्या गाठता येईल ती पातळीही धरावी असं लिहिलंय. पण क्लेम तपासणाऱ्याला पुरावा लागतो. उद्याचा पुरावा आज कुठून आणायचा? काकांचा क्लेम नामंजूर झाला. मंजूर झाला असता तरी ठरलेल्या रकमेच्या २० टक्के त्यांच्याच खिशातून जाणार होते, म्हणजे फुकट मागत होते असंही नाही.

निर्लज्जपणाची कमाल झाली ती जुलै २०१५ मध्ये. मेडिकेअरच्या कंत्राटदारांनी नव्या नियमांचा मसुदा काढला. त्यात नैसर्गिक दिसणाऱ्या चालीची अट होती आणि काठी किंवा वॉकर वापरणाऱ्याला खालच्या दर्जाचे भाग देण्याची वाट होती. पाय तुटलेल्या माणसानं अखंड माणसासारखं दिसावं, नाहीतर त्याला बरा पाय मिळू नये! ऑगस्टमध्ये पाय गमावलेली माणसं आरोग्य खात्याच्या दारात जाऊन उभी राहिली, व्हाइट हाऊसकडच्या अर्जावर लाखाहून जास्त सह्या झाल्या, आणि नोव्हेंबरात मसुदा गुंडाळावा लागला. ज्यांची चाल नैसर्गिक दिसत नव्हती त्यांनीच तो चालत जाऊन पाडला, याचा मला आजही आनंद आहे.

१ सप्टेंबर २०२४ पासून के-२ वाल्यांनाही मायक्रोप्रोसेसरचा गुडघा मिळू शकतो. सी-लेग आल्यानंतर सत्तावीस वर्षांनी! मधल्या काळात पडणं कमी होतं हे सांगणारे अभ्यास येतच होते. रँड या संशोधन संस्थेनं २०१७ मध्ये हिशेबही मांडला की इजा करणारी पडझड टळल्यानं या गुडघ्याचा खर्च फायद्याच्या मानानं रास्त ठरतो. त्या अभ्यासाला पैसे या धंद्याच्या संघटनेचे होते, हे लपवायचं कारण नाही. पण मांडीचं हाड मोडलेल्या म्हाताऱ्याचं हॉस्पिटलचं बिल सरकारच भरतं. तो आकडा सरकारच्याच कपाटात होता. स्वतः बेरीज करायला कुणी हात धरले होते?

के-१ वाले अजून बाहेरच आहेत. आणि नियम बदलला तरी तपासणीची पद्धत तीच. गेल्या महिन्यातली एक नामंजुरी माझ्यासमोर आहे: रुग्ण के-२, गुडघा नव्या नियमात बसतो, कारण लिहिलंय, कागदपत्रांतून गरज सिद्ध होत नाही. कागदपत्रांत तीन वेळा पडल्याची नोंद आहे. अजून किती पडायला हवं?

मला काय हवंय ते सरळ सांगते. महिनाभर चांगला गुडघा लावून द्या आणि मग चाल मोजा. कंपन्या चाचणीसाठी गुडघे देतात, अडचण तिथे नाही. प्रोस्थेटिस्टच्या तासाला दर लावा. न बसवलेलं साच पाऊल एल ५३०१ मधून काढा आणि एका खोक्यातल्या गुडघ्याला एक कोड द्या. यातल्या एकाही गोष्टीला नवं विज्ञान लागत नाही. अर्ज परत पाठवणाऱ्या माणसानं एकदा आमच्या क्लिनिकमध्ये यावं, त्या दोन दांड्यांबाहेर उभं राहावं, आणि के-२ चा शिक्का मारण्याआधी समोरच्याला विचारावं की तुम्ही शेवटचे कधी पडलात.