स्नायपर रायफल: खरेदीच्या पलीकडचा प्रश्न

‘थ्री नॉट थ्री’ रायफलीचा उल्लेख आपल्याकडे उपहासानेच होतो. २६ नोव्हेंबर २००८ च्या रात्री छत्रपती शिवाजी टर्मिनसवर एके-४७ घेऊन आलेल्या दहशतवाद्यांसमोर काही पोलिसांच्या हाती हीच रायफल होती, हे मुंबईकर विसरलेले नाहीत. प्रत्येक गोळीनंतर हाताने बोल्ट मागे ओढून पुढे ढकलावा लागणारे हे शस्त्र उत्तर प्रदेश पोलिसांनी २०२० च्या प्रजासत्ताकदिनी निवृत्त केले. पण त्याच्या वर्षभर आधी लष्कराने नियंत्रण रेषेसाठी घेतलेल्या इटलीच्या बेरेटा स्कॉर्पिओ टीजीटी आणि अमेरिकेच्या बॅरेट एम-९५ या स्नायपर रायफलीही बोल्टच्याच आहेत. मग जुने ते टाकाऊ कसे?

फरक कामाचा आहे. समोरासमोरच्या चकमकीत गोळ्यांचा वेग लागतो. नेमबाजाला एकच गोळी, पण अचूक लागते. अर्धस्वयंचलित रायफलीत गोळी सुटताच वायूच्या दाबाने आतील भाग हलू लागतात. बोल्ट रायफलीत नेमबाज हात लावीपर्यंत बोल्ट जागच्या जागी घट्ट राहतो, त्यामुळे एका गोळीमागून दुसरी तितकीच अचूक जाते. लष्कराकडील ड्रागुनोव ही १९६३ मध्ये सोव्हिएत सैन्याने स्वीकारलेली अर्धस्वयंचलित रायफल साधारण ८०० मीटरपर्यंत परिणामकारक ठरते. .३३८ लापुआ मॅग्नम काडतुसाची बोल्ट रायफल सुमारे दीड किलोमीटरचा पल्ला गाठते. डोंगराळ नियंत्रण रेषेवर हे अंतर जीवनमरणाचे ठरू शकते.

तथापि, शस्त्र हाती आले म्हणजे प्रश्न सुटला असे नव्हे. संरक्षण सामग्री खरेदी परिषदेने फेब्रुवारी २०१८ मध्ये ९८२ कोटी रुपये अंदाजे खर्चाच्या ५,७१९ स्नायपर रायफलींना मंजुरी दिली. काडतुसे आधी परदेशातून आणायची आणि पुढे देशात बनवायची, असेही ठरले. पण २०१९ मध्ये ती निविदाच मागे घेतली गेली आणि लष्कराला मोजक्या तातडीच्या खरेदीवर भागवावे लागले. दर्जेदार काडतुसांचा अखंड पुरवठा नसेल तर सराव तुटपुंजा होतो, आणि सरावाविना महागडी रायफल ही केवळ शोभेची वस्तू ठरते.

पोलिसांची गरज आणखी वेगळी आहे. त्यांचे अंतर बहुधा शंभर मीटरच्या आतले; मात्र लक्ष्याच्या शेजारी ओलीस उभा असतो. म्युनिक ऑलिम्पिकच्या वेळी, ५ सप्टेंबर १९७२ च्या रात्री, फ्युर्स्टनफेल्डब्रुक विमानतळावर आठ दहशतवाद्यांसाठी पाचच नेमबाज ठेवले गेले. त्यांच्या रायफलींना दुर्बिणी नव्हत्या, आपसात बोलायला वायरलेस नव्हता आणि दहशतवादी नेमके किती, हेही त्यांना कळवले गेले नव्हते. तेथील नऊही इस्रायली ओलीस आणि एक पोलीस प्राणास मुकले. त्यानंतर जर्मनीने जीएसजी-९ हे विशेष पथक उभारले, कारण उणीव केवळ बंदुकीची नव्हती. निवड, प्रशिक्षण, संपर्क आणि निर्णय देणारी यंत्रणा या साऱ्यांचीच ती उणीव होती.

२६/११ नंतर महाराष्ट्रानेही २००९ मध्ये ‘फोर्स वन’ची स्थापना केली. अशा पथकांचे मोजमाप शस्त्रागारातील रायफलींच्या संख्येवरून होऊ नये. नेमबाज किती नियमित सराव करतो, त्याच्यासोबत प्रशिक्षित निरीक्षक आहे का आणि ‘गोळी झाड’ हा आदेश कोणी, केव्हा द्यायचा हे आधीच ठरले आहे का, हे प्रश्न अर्थसंकल्पाच्या वेळी विचारले गेले पाहिजेत. संकटाच्या रात्री ते विचारायला सवड नसते.