स्वयंपाकघरातून बोलावणारी चाल

आम्ही राहतो चंदीगडच्या सेक्टर ३० मध्ये. शेजार पंजाबी. परवा शेजारच्या बीजी चहाला आल्या होत्या. माझ्या लेकीने मोबाइलवर ‘मिले सुर मेरा तुम्हारा’ लावलं आणि बीजी कप खाली ठेवून गुणगुणायला लागल्या. मी विचारलं, “बीजी, ही चाल कुणाची, माहीत आहे?” त्या म्हणाल्या, “भीमसेनजी की, और किस की?”

बीजींचं चुकलं, पण त्यात नवल नाही. १५ ऑगस्ट १९८८ ला दूरदर्शनवर हे गीत पहिल्यांदा लागलं आणि सुरुवातीलाच पंडित भीमसेन जोशींचा आवाज आला, तो कानांत कायमचा राहिला. चाल मात्र अशोक पत्की यांची. शब्द पीयूष पांडे यांचे आणि वाद्यसंयोजन लुई बँक्स यांचं.

१९४१ साली जन्मलेल्या पत्कींची आणखी किती गाणी आपण नाव न विचारता गुणगुणत आलो आहोत! सुमन कल्याणपूर यांनी गायलेलं ‘केतकीच्या बनी तिथे’ त्यांचंच. ‘राधा ही बावरी’ही त्यांचंच. ‘अंतर्नाद’ या कोंकणी चित्रपटाच्या संगीतासाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. शिवाय जाहिरातींच्या कितीतरी जिंगल्स.

आणि मालिकांची शीर्षकगीतं! दूरदर्शनवरची ‘गोट्या’ आठवते? पुढे ‘आभाळमाया’, ‘वादळवाट’. आमच्या घरी ‘आभाळमाया’चे सूर सुरू झाले की आई गॅस बारीक करून हात पुसत बाहेर यायची. घड्याळाकडे बघायची गरजच नसायची.

शीर्षकगीताचं कामच ते. चित्रपटातल्या गाण्याला चार-पाच मिनिटं मिळतात, इथे मिनिटभरात सगळं उरकायचं. तेवढ्यात मालिकेचा स्वभाव कळला पाहिजे, चाल दुसऱ्या खोलीत ऐकू गेली पाहिजे आणि रोज ऐकूनही कंटाळा येता कामा नये. जिंगल्स करून हात बसलेल्या माणसालाच हे जमावं.

हे आपल्याकडेच आहे असं नाही. इटलीचे एन्नियो मोरिकोने चित्रपटांमुळे जगभर गाजले, २०१६ मध्ये त्यांना ऑस्कर मिळालं. पण ‘ला पिओव्रा’ या टीव्ही मालिकेलाही त्यांनी तितक्याच मनापासून संगीत दिलं. छोटा पडदा म्हणून काम छोटं मानलं नाही.

आता मोबाइलवर मालिका सुरू होते न होते तोच ‘स्किप इंट्रो’चं बटण येतं. लेकीचं बोट आपोआप तिकडे जातं. तिला दोष कसा देऊ? मीही तेच करते. पण त्या एका टिचकीत कुणाची तरी चाल जाते आणि श्रेयनामावलीतलं नावही जातं.

म्हणून आम्ही घरात एक नियम केला आहे. नव्या मालिकेचा पहिला भाग बघताना बटण दाबायचं नाही. गीत पूर्ण ऐकायचं आणि संगीतकाराचं नाव मोठ्याने वाचायचं. तुम्हीही करून बघा.

बीजींना त्या दिवशी मी नाव सांगितलं. त्यांनी ते दोनदा म्हणून पाहिलं, “अशोक पत्की, अशोक पत्की.” मग म्हणाल्या, “अच्छा, चल, फिर से लगा.”