रांगेचा मान, खिडकीची मिजास

आषाढी एकादशीच्या पहाटे मुख्यमंत्र्यांच्या हस्ते विठ्ठलाची शासकीय महापूजा होते, तेव्हा शेजारी एक वारकरी दांपत्य उभं असतं. दर्शनबारीतूनच त्यांची निवड झालेली असते. गोपाळपूरच्या पत्राशेडपर्यंत गेलेल्या रांगेत तासन्‌तास तिष्ठणाऱ्यांचा तो मान. पुंडलिकासाठी साक्षात देव विटेवर थांबला अशी ज्याची श्रद्धा, त्या समाजाने थांबण्याला पुण्य मानलं तर नवल नाही. पण याच पुण्याईच्या आडोशाने कचेरीतलं ‘उद्या या’सुद्धा आपण मुकाट्याने खपवून घेतो. गफलत होते ती इथे.

ताटकळणं दोन्हीकडे आहे, तरी जात वेगळी. बारीतला माणूस आपखुशीने उभा असतो, रांग सरकताना त्याला दिसते. चिठ्ठी दाखवून कुणी बाजूच्या दाराने आत गेला, की हीच शांत रांग खवळते. म्हणजे तिची तक्रार वेळेबद्दल नसते, पंक्तिप्रपंचाबद्दल असते. उत्पन्नाच्या दाखल्यासाठी तहसीलला आलेल्या मजुराचा रोज बुडतो, साहेब मीटिंगला गेलेले असतात, आणि कधी येतील हे खिडकीतून कुणी सांगत नाही. ओळखीच्या माणसाचा दाखला मात्र चहा संपेपर्यंत हातात पडतो. अशा ठिकाणी ताटकळत ठेवणं हाच अधिकाराचा रुबाब होतो.

माणसं कमी, अर्जांचा ढीग, उशीर होणारच, असं यावर सांगितलं जातं. ते खोटं नाही. पण मग उशीर सगळ्यांनाच व्हायला हवा. बिनओळखीच्याच वाट्याला तो का येतो? आता सगळं ऑनलाइन झालं, हाही युक्तिवाद अर्धाच खरा. रांग दिसेनाशी झाली, पण मोबाइलवर ‘प्रलंबित’ वाचणारा अजून रांगेतच आहे. फक्त आपल्या पुढे किती जण आहेत, हे त्याला कळत नाही.

यावर उपाय कायद्यातच आहे. महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम 2015 नुसार अधिसूचित सेवेला मुदत ठरलेली आहे, अर्जाची पोच देणं बंधनकारक आहे, काम रखडलं तर अपील करता येतं, आणि कसूरदार अधिकाऱ्याला 500 ते 5,000 रुपये दंड होऊ शकतो. तेव्हा सबुरी पंढरीच्या बारीसाठी राखून ठेवा. कचेरीत अर्ज दिलात, की पोच मागा, तीवरची तारीख वाचा, आणि ती उलटली की हात जोडू नका, अपील करा.