लाल तारीख, काळी तारीख

नवं कॅलेंडर हातात पडलं की आपण आधी काय करतो? लाल तारखा मोजतो! कुठला सण शुक्रवारी आलाय, कुठला मेला रविवारात बुडालाय, हे बघितल्याशिवाय चैन पडत नाही. नोकरीसाठी नेदरलँड्सला, हेगमध्ये आल्यावर मीही तेच केलं आणि उडालेच! उन्हाळ्याच्या तोंडावर पेंटेकोस्टचा सोमवार गेला, की थेट नाताळपर्यंत एकही सार्वजनिक सुट्टी नाही. सहा-सात महिने नुसतं ऑफिस. सुट्टी द्यायलाच हवी असा कायदाही नाही. तुमचं कॉन्ट्रॅक्ट काय म्हणतं, त्यावर सगळं.

म्हणून डच मंडळी एकदम बोअर आहेत असं समजू नका हं. १ जानेवारीला हजारो जण शेवेनिंगनच्या गारठलेल्या समुद्रात उड्या मारतात. २७ एप्रिलला राजे विलेम-अलेक्झांडर यांचा वाढदिवस, म्हणजे अख्खा देश केशरी. पोरंटोरं फूटपाथवर जुनी खेळणी विकायला बसतात आणि घासाघीस अशी, की मंडई आठवावी. सप्टेंबरच्या तिसऱ्या मंगळवारी राजाचं भाषण होतं, देशाचं बजेट येतं आणि चर्चा रंगते ती बायकांच्या हॅट्सची! ५ डिसेंबरला सिंटरक्लास. त्याला सुट्टी नाही, पण गिफ्टसोबत एकमेकांना टोमणे मारणाऱ्या यमकबाज कविता असतात. आपल्या उखाण्याची चुलत बहीणच.

ही सगळी धमाल झाली. मला भिडल्या त्या मात्र दोन काळ्या तारखा.

पहिली ४ मे. दुसऱ्या महायुद्धात आणि त्यानंतरच्या युद्धांत, शांतिमोहिमांत गेलेल्यांसाठी रात्री ८ वाजता दोन मिनिटं शांतता. ट्रॅम जागच्या जागी थांबतात. दुसऱ्या दिवशी ५ मे, १९४५ च्या मुक्तीचा दिवस. हा चक्क राष्ट्रीय दिवस, तरी बऱ्याच खासगी ऑफिसांत त्याची सुट्टी पाच वर्षांतून एकदाच. २०२५ मध्ये मिळाली, आता थेट २०३०!

दुसरी १ जुलै. केटी कोटी, म्हणजे ‘साखळी तुटली’. १८६३ मध्ये या दिवशी सुरिनाम आणि कॅरिबियन बेटांवरच्या डच वसाहतींत गुलामगिरी कायद्याने संपली. सुरिनाममधल्या बहुतेक ‘मुक्त’ माणसांना मात्र आणखी १० वर्षं सक्तीने राबावं लागलं. ती मुदत १८७३ मध्ये सरली आणि त्याच वर्षी ‘लल्ला रूख’ हे जहाज कलकत्त्याहून करारावरचे मजूर घेऊन तिथे पोचलं. गुलाम गेले, आपली माणसं आली. अशा मजुरांचे अनेक वंशज आज हेगमध्ये राहतात, होळी-दिवाळी करतात. १ जुलै २०२३ ला राजाने अॅमस्टरडॅममध्ये गुलामगिरीबद्दल माफी मागितली. या दिवसाला राष्ट्रीय सुट्टी द्या, ही मागणी जुनी आहे.

एका सुट्टीने काय होणार, असं ऑफिसात कुणीतरी म्हणतंच. पण राजाच्या वाढदिवसाला देश काम बंद ठेवू शकतो ना? मग कुठल्या आठवणीसाठी एक दिवस सोडायचा आणि कुठली आठवण ज्याने त्याने आपल्या रजेतून भागवायची, हे ठरवतं कोण?

मी दिवाळीसाठी राखलेल्या रजांतली एक १ जुलैला टाकलीय. फराळ काय, वीकएन्डलाही होतो!