जात रक्तात नाही, लग्नाच्या नियमात आहे



“जात रक्तातच असते,” असे कामावर, नळावर आजही ऐकू येते. मुलांना यावर उत्तर देता यावे, म्हणून आम्ही हा विषय घेतला आहे.

१९१६ साली न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात वाचलेल्या निबंधात बाबासाहेबांनी सांगितले, की जातीचे मूळ जातीतल्या जातीत लग्न करण्यात आहे. १९४८ च्या अस्पृश्यांवरील ग्रंथात नाकाची मोजमापे तपासून, ब्राह्मण व अस्पृश्य एकाच वंशाचे, असे त्यांनी मांडले.

आज मोजमाप संगणक करतो. २०१३ साली हैदराबादची सीसीएमबी व अमेरिकेतील हार्वर्ड येथील संशोधकांनी ७३ समाजगटांचा डीएनए तपासला. रीत अशी : दोन निराळ्या पूर्वजांचे मिश्रण झाले, की संततीत दोघांच्या डीएनएचे लांब तुकडे येतात. पिढ्यान्‌पिढ्या ते तुटून आखूड होतात. हजारो ठिकाणे ताडून संगणक तुकड्यांच्या लांबीवरून पिढ्या मोजतो.

दिसले असे, की सुमारे ४,२०० ते १,९०० वर्षांपूर्वी देशभर मिश्रण झाले. भिल्लांसारखे दूर राहणारे समाजही त्यातून सुटले नाहीत. पुढे बेटीव्यवहाराची दारे बंद झाली.

समतेला डीएनएचा दाखला लागत नाही. पण भिंत निसर्गाने बांधलेली नाही, हे आता मोजून दिसले. आपल्या मुलामुलींनी जीवशास्त्रासोबत गणित व संगणकही शिकावा. आणि बौद्ध म्हणवून सोयरीक जुळवताना पोटजात विचारणाऱ्या आपल्याच घरांनी हे दोनदा वाचावे.