कोड धडकेला नव्हे, जखमीला



दुचाकी-सायकल अपघातांच्या वैद्यकीय कोडवरील आपल्या अंकातील लेख एकांगी आहे. हे कोड केवळ विमा कंपन्यांच्या सोयीसाठी असतात, असे लेखक म्हणतात. पण हे कोड ज्यातले आहेत, ती आयसीडी-१० ही जागतिक आरोग्य संघटनेची वर्गवारी मुळात आजार आणि मृत्यूंच्या आकडेवारीसाठी आहे. बिलासाठी तिचा वापर होतो, एवढेच.

एका धडकेला एकच कोड, हेही चूक. कोड जखमी माणसाला लागतो. मोटारसायकल आणि सायकल यांची धडक झाली, तर सायकलस्वाराला व्ही १२ आणि मोटारसायकलवरच्याला व्ही २१. रस्त्यावरच्या अपघातात या कोडपुढे चालकासाठी ४, मागे बसलेल्यासाठी ५ हा अंक जोडतात. यात दोष कोणाचा हे ठरत नाही. ते काम पोलिसांचे आणि न्यायालयाचे.

नुसता दुखापतीचा कोड पुरेसा आहे, हा लेखातला दावाही टिकत नाही. एस ०६ म्हणजे कवटीच्या आत मार. जिन्यावरून पडलेल्या आजोबांनाही तोच कोड; मार कशाने लागला, हे तो सांगत नाही. त्यात केसपेपरवर नुसते 'आरटीए' (रस्ते अपघात) खरडले, की कोड लावणाऱ्याच्या हाती काहीच उरत नाही.

केंद्राच्या अहवालानुसार २०२२ मध्ये देशात रस्ते अपघातांत १,६८,४९१ जण दगावले. त्यांत सर्वाधिक दुचाकीस्वार. हे आकडे पोलिसांच्या नोंदींवरचे आहेत. रुग्णालयांची नोंद नीट असेल, तरच ते पडताळता येतील.

म्हणून डॉक्टरांना विनंती : रुग्ण कोणत्या वाहनावर होता, कशाशी धडक झाली, तो चालवत होता की मागे बसला होता, एवढे केसपेपरवर जरूर लिहा.

– रुग्णालयाच्या अभिलेख विभागातील एक वाचक, नाशिक